शेजारणीचा निषाद

परवा लायब्ररीत शेजारच्या खुर्चीवर एक गृहस्थ येऊन बसले. त्यांनी खिशातून मेंथॉलची गोळी काढली आणि आवाज होऊ नये म्हणून तिचा कागद इतक्या हळू उलगडायला घेतला, की नुसता फाडला असता तर जेवढा आवाज झाला असता त्याच्या चौपट झाला. मग वास आला. थंड, औषधी, नाकातून थेट कपाळात चढणारा. लोकांना कसल्या कसल्या सुंदर वासांनी जुने दिवस आठवतात. मला खोकल्याच्या गोळीनं आठवतात, त्याला माझा इलाज नाही. एका चर्चचं तळघर, घडीच्या लोखंडी खुर्च्या, वाफाळत्या रेडिएटरवर वाळत टाकलेले लोकरीचे हातमोजे, मोठ्या किटलीतली पाणचट कॉफी आणि बत्तीस माणसांच्या गालात बत्तीस मेंथॉलच्या गोळ्या. त्या वासात मी एक अख्खं वर्ष इंग्रजांची गाणी म्हटली आहेत. तीसुद्धा अमेरिकेत, मिशिगनमध्ये, गुडघाभर बर्फात.

२००४ सालची गोष्ट. नवरा डेट्रॉइटजवळ नोव्हायला मोटारींच्या सुट्या भागांच्या कंपनीत इंजिनियर होता आणि मी डिपेंडंट व्हिसावर त्याच्याबरोबर आलेली होते. सांगलीला ज्युनियर कॉलेजात मी रसायनशास्त्र शिकवत होते. वर्गात शिरले की मागचा बाक आपोआप गप्प व्हायचा. इथे मला नोकरी करायची परवानगी नव्हती, गाडी चालवता येत नव्हती आणि आमच्या अपार्टमेंटपासून चालत जाण्याजोगं ठिकाण एकच होतं, ते म्हणजे ही लायब्ररी. दिवसभर मी वरण लावायचे, कपडे घडी करायचे आणि खिडकीतून पार्किंग लॉटकडे बघायचे. रडूबाई मी कधीच नव्हते, पण त्या उन्हाळ्यात एकदा भेंडी चिरता चिरता उगाच रडले, हे कबूल करते. सप्टेंबरात लायब्ररीच्या फळ्यावर एक पिवळा कागद दिसला. गावातल्या हौशी कॉयरला आवाज हवे होते. यंदाचं वर्ष ब्रिटिश संगीताचं : चारशे वर्षांपूर्वीच्या राणीच्या दरबारातल्या गाण्यांपासून कोळ्याखलाशांच्या गाण्यांपर्यंत, आणि चर्चमधल्या संध्याकाळच्या प्रार्थनांपासून साठच्या दशकात रेडिओवर गाजलेल्या गाण्यांपर्यंत. दर मंगळवारी संध्याकाळी तालीम, मे महिन्यात मोठा कार्यक्रम.

त्या रविवारी सासऱ्यांचा फोन आला तेव्हा मी हे मोठ्या उत्साहानं सांगितलं. ते म्हणाले, "सूनबाई, इंग्रजांची गाणी म्हणायला अमेरिकेला कशाला जायला हवं होतं? जाताना ते सगळं इथंच टाकून गेले होते की." नवरा मात्र खूश झाला. "अगं, जा ना. ट्यूसडेला मी लवकर निघतो, ड्रॉप करतो तुला. पण तुला ते शीट म्युझिक वाचता येतं का?" मी म्हटलं, त्यात काय वाचायचंय.

माझा कान चांगला आहे. हे मी नम्रपणे सांगत नाही, कारण नम्रपणे सांगण्यासारखं त्यात काही नाही. डोळे चांगले असावेत तसा तो चांगला आहे. आठ वर्षं मी बुवांसमोर मांडी घालून बसले. त्यांनी एक ओळ म्हणायची, आम्ही ती म्हणायची, त्यांचा खाकरा सोडून बाकी सगळं जसंच्या तसं उतरलं पाहिजे. कागद बघून गाणाऱ्याला बुवा कारकून म्हणायचे. तेव्हा कॉयरच्या संचालक बाईंनी पियानोवर पाच स्वर वाजवून "म्हण" म्हटल्यावर मी म्हटले. सात वाजवले, सात म्हटले. अकरा वाजवले, तेही म्हटले. बाई मूळच्या इंग्लंडच्या, चाळीस वर्षांपूर्वी लग्न करून मिशिगनला आलेल्या. हे त्यांचं संचालनाचं शेवटचं वर्ष होतं आणि म्हणूनच त्यांनी ते आपल्या देशाच्या गाण्यांना दिलं होतं. चष्म्यावरून माझ्याकडे बघत त्या म्हणाल्या, "उत्तम. तुला आल्टोमध्ये, बायकांच्या खालच्या पट्टीत, घेते. नोटेशन वाचता येतं ना? आमच्याकडे नियम असा तो एकच आहे."

मी "येतं" म्हणाले.

पाच रेघांवर बसलेल्या त्या काळ्या ठिपक्यांतलं मला एक अक्षरही कळत नव्हतं. तरीही हे खोटं मी शांतपणे, डोळ्याला डोळा भिडवून बोलले, कारण नाही म्हटलं असतं तर मंगळवारसुद्धा बाकीच्या वारांसारखा झाला असता. त्या वर्षी त्या शहरात मी कुणीतरी आहे असं वाटायला लावणारी जागा तेवढीच होती. दुसऱ्या ओळीत, डावीकडून तिसरी खुर्ची.

माझ्या उजव्या हाताला एक चौऱ्याहत्तर वर्षांची बाई उभी राहायची. बारीक, ताठ, पांढऱ्या केसांचा बॉयकट, अंगात कायम मोरपिशी स्वेटर. पहिल्याच दिवशी तिनं स्वतःचं पाळण्यातलं नाव सांगून हात पुढे केला. आता चौऱ्याहत्तर वर्षांच्या बाईला नावानं हाक कशी मारायची? काकू म्हणण्याची सोय नव्हती आणि नाव जिभेवर येईना, म्हणून कित्येक महिने मी तिला कशानंच हाक मारली नाही. काही विचारायचं झालं तर तिच्या नजरेसमोर जाऊन उभी राहायचे. इथंही तिचं नाव लिहीत नाही. ती तीस वर्षं त्या कॉयरमध्ये होती आणि तिचा आवाज आता कडेला थोडा विरला असला तरी सुराला पक्का होता. मला दुसरं काय हवं होतं? मी बुवांकडे शिकले तशीच तिच्याकडे शिकायला लागले, फक्त तिला न सांगता. तिच्या तोंडून स्वर निघाला की पापणी लवायच्या आत मी तो उचलायचे. एकदा ऐकलं की दुसऱ्या वेळी मी तिच्या मागे नाही, बरोबरीनं असायचे. घरी आल्यावर विसरायच्या आत पेन्सिलीनं त्या ठिपक्यांखाली सारेगम लिहून काढायचे. बाई फेऱ्या मारत जवळ आल्या की फाइल छातीशी धरायचे. पान कधी उलटायचं तेही मी शेजारणीच्या बोटांकडे बघून ठरवत होते.

पहिले दोन महिने जड गेले ते वेगळ्याच कारणानं. आपल्याकडे गाणाऱ्यानं सा लावला की तंबोरे, पेटी, मागे बसलेला शिष्य, सगळे त्या सा च्या सेवेला असतात. इथे मी एक स्वर लावावा आणि पुढच्या ओळीतल्या उंच आवाजाच्या सोप्रानोंनी ठरवून दुसराच लावावा, मागच्या पुरुषांनी तिसरा, आणि याला सगळ्यांनी मिळून सुंदर म्हणावं. शिवाय आल्टोच्या वाट्याला चाल अशी कधी येतच नाही. चाल सोप्रानोंची. आपण मध्ये तीन-चार स्वरांत येरझाऱ्या घालायच्या. एकटीनं घरी म्हटलं तर नवरा विचारायचा, "हे गाणं आहे की तू काही शोधतेयस?" पण नोव्हेंबरात एका मंगळवारी राणीच्या काळातलं एक जुनं प्रेमगीत म्हणत असताना चारही आवाज एका जागी येऊन टेकले आणि माझ्या अंगावर सरसरून काटा आला. माझा तो कंटाळवाणा स्वर काढून घेतला असता तर ते सगळं खाली आलं असतं, हे मला तेव्हा ऐकूनच कळलं. त्यानंतर मी आल्टोंना कधी कमी लेखलं नाही.

डिसेंबर नाताळच्या गाण्यांत गेला आणि जानेवारीत बाईंनी एक कोळीगीत काढलं. इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरचं, समुद्रावर गेलेल्या माणसाची वाट बघणाऱ्या बाईचं. हे कॉयरनं पूर्वीही अनेकदा म्हटलेलं होतं. पहिल्या दोन कडव्यांत आमची ओळ शुद्ध निषाद घेत वर जायची. तिसऱ्या कडव्यात, होडी परत येत नाही असे शब्द येतात तिथे, शेजारीण उतरताना कोमल निषाद लावायची, अर्धा सूर खालचा. मी ऐकला आणि मनातल्या मनात वा म्हटलं. चढताना शुद्ध, उतरताना कोमल : हा तर आपला खमाज राग. सातासमुद्रापलीकडच्या कुणा कोळ्यालाही दुःखाच्या जागी तोच स्वर सापडला, या विचारानं मी दोन दिवस हवेत होते. बुवांना पत्रातसुद्धा लिहिलं. तो निषाद मी असा घोटला की झोपेतून उठवून विचारला असता तरी अचूक लावला असता.

फेब्रुवारीत शेजारणीचं खुब्याचं ऑपरेशन झालं आणि तिची खुर्ची रिकामी राहिली. कोळीगीत मला पाठ होतं, मला कसली भीती? तिसरं कडवं आलं. मी छाती भरून कोमल निषाद लावला. बाईंनी हात खाली केला. "आल्टो, पुन्हा." पुन्हा म्हटलं. पुन्हा हात खाली. मग त्यांनी एकेकीला म्हणायला लावलं आणि माझ्यापाशी येऊन थांबल्या. माझ्या फाइलवर बोट ठेवून म्हणाल्या, "हा स्वर कुठे लिहिलाय, दाखव मला."

मी पानाकडे बघितलं. ठिपके होते, रेघा होत्या, आणि पेन्सिलीनं लिहिलेली माझी देवनागरी होती. तिसऱ्या कडव्यातला तो स्वर त्यातला नेमका कुठला, हेही मला सांगता येईना. कान तापले. मागच्या ओळीत कुणीतरी हळूच खोकलं. बाईंनी ती पेन्सिलीची अक्षरं बघितली आणि मग शेजारच्या रिकाम्या खुर्चीकडे बघितलं. "हा स्वर माझ्या ओळखीचा आहे," त्या म्हणाल्या. "हळू होता तोवर झाकला जायचा. तू छाती भरून लावलास म्हणून ऐकू आला." तालीम संपल्यावर त्यांनी मला थांबवून घेतलं. आवाज चढवला नाही, चढवला असता तर मला बरं वाटलं असतं. "एप्रिलअखेर मी तुझ्यासमोर न बघितलेलं पान ठेवीन. वाचता आलं तर तू आमच्यात उभी राहशील. नाही तर मेमध्ये श्रोत्यांत बस, मला वाईट वाटेल, पण बस." मी फाइल उचलून बाहेर आले. गाडीत नवऱ्यानं विचारलं, "काय झालं?" मी म्हटलं, "खोटं पकडलं गेलं." तो म्हणाला, "यार, मग आता खरं करून टाक." असा माणूस नवरा म्हणून बरा असतो.

दुसऱ्या दिवशी मुगाची खिचडी केली, वर तूप सोडलं, डबा घेतला आणि शेजारणीकडे गेले. तीस वर्षं ज्या बाईनं ही पानं उलटली तिच्याइतकं चांगलं वाचायला कोण शिकवणार? ती खुर्चीत पाय वर करून बसली होती. खिचडी तिनं चमच्यानं चवीनं खाल्ली. मग मी सगळं सांगितलं. माझं खोटं, तिचं ऐकून गाणं, ती तालीम. फक्त बाईंनी रिकाम्या खुर्चीकडे बघितलं ते सांगितलं नाही आणि चूक नेमकी कोणत्या स्वराची तेही नाही. शेवटी म्हटलं, मला वाचायला शिकव. तिनं डब्याचं झाकण लावलं. मग म्हणाली, "मलाही येत नाही गं."

मला आधी ती चेष्टा करतेय असंच वाटलं. पण तिनं सांगितलं ते असं : चाळिशीत, पोरंबाळं मार्गी लागल्यावर, ती कॉयरमध्ये आली, तेव्हा तिच्या उजव्या हाताला एक खाटकाची बायको उभी राहायची. तिचा कान सोन्याचा होता. तिचं ऐकून ऐकून ही शिकली, आणि ती वारली तोवर सगळ्या ओळी हिला पाठ झालेल्या होत्या. "पानं मी वेळेवर उलटते," ती म्हणाली. "माझ्या नवऱ्यालाही शेवटपर्यंत कळलं नाही." मी विचारलं, त्या खाटकाच्या बायकोला वाचता यायचं का? तिनं खांदे उडवले. तो विचार तिला कधी शिवलाच नव्हता. मी मात्र तिच्या समोर बसून हसत सुटले, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. मिशिगनच्या त्या तळघरात, नियमाच्या नाकावर टिच्चून, निदान तीन पिढ्यांचं एक घराणं चाललं होतं. गुरूची चूकसुद्धा शिष्येनं इमानानं उचलली होती, आणि त्या घराण्याची तिसरी गायिका सांगलीची होती.

तर मग शिकणं माझं मलाच करावं लागलं. लायब्ररीतून लहान मुलांचं पियानोचं पहिलं पुस्तक आणलं, ज्याच्या मुखपृष्ठावर टोपी घातलेलं अस्वल होतं. इंडियन ग्रोसरीच्या दुकानातून फुकट मिळालेल्या कॅलेंडरच्या मागे पियानोच्या पट्ट्या काढल्या आणि तो कागद जेवणाच्या टेबलाला चिकटवला. संध्याकाळी नवरा ऑफिसातून आला की मी स्वर काढून ठेवलेल्या कार्डांतलं एकेक उचलून दाखवायचा, "हा कुठला?" आणि मी कणीक मळता मळता उत्तर द्यायचे. स्वर मला येतच होते, फक्त त्यांचे पत्ते माहीत नव्हते. महिनाभरात बहुतेक घरं सापडली. मार्चच्या शेवटी एका दुपारी धीर करून कोळीगीताचं तिसरं कडवं उघडलं आणि बोट ठेवत ठेवत वाचत गेले. तिथे शुद्ध निषादच होता. काळाकुट्ट, स्पष्ट, संशयाला जागा न ठेवणारा. मला त्याचा राग आला. म्हणून बघितला, बरोबर होता, पण होडी परत न येण्याचं त्याला काही वाटत नव्हतं.

एप्रिलच्या शेवटी बाईंनी संध्याकाळच्या प्रार्थनेचं एक अनोळखी पान पुढे ठेवलं. मी वाचलं. एका ठिकाणी घसरले, परत उचललं. बाई म्हणाल्या, "राहा." तेवढा एक शब्द घेऊन मी बाहेर आले आणि पार्किंग लॉटमध्ये नवऱ्याला मिठी मारली, भर उजेडात, चारचौघांत.

त्याच आठवड्यात शेजारीण काठी टेकत परत आली. बाईंनी मला बाजूला घेतलं. "हा माझा शेवटचा कार्यक्रम आहे," त्या म्हणाल्या. "मला त्या कडव्यात दोन निषाद नकोत. तिला मी सांगणार नाही, या वयात तिला सगळ्यांसमोर एकटीला म्हणायला लावणं मला जमणार नाही. तू तो स्वर जरा आधी लाव, पक्का लाव. ती तुझ्यामागे येईल. कोण कुणाचं ऐकून गातं ते मला समोरून दिसतं." त्यांना किती माहीत होतं, ते मी विचारलं नाही. नाही म्हणता आलं असतं का? आलं असतं. पण दुसऱ्या ओळीतली ती जागा मी दोन महिने घासून मिळवली होती आणि मला ती हवी होती. मी हो म्हटलं.

मेमधला कार्यक्रम गावातल्या शाळेच्या सभागृहात झाला. दारातल्या झाडांना पांढरी फुलं आली होती. पूर्वार्धाच्या शेवटी कोळीगीत आलं. तिसऱ्या कडव्याच्या तोंडाशी माझ्या उजव्या बाजूला शेजारीण नेहमीसारखा श्वास घेताना मला ऐकू आली. मी पाव मात्रा आधी शुद्ध निषाद लावला, भिंतीत खिळा ठोकावा तसा. तिचा आवाज निघाला, कोमलाकडे झुकला, क्षणभर डगमगला, आणि चढून माझ्या स्वराला येऊन मिळाला. सभागृहात कुणालाही काही कळलं नाही. चारही आवाज एकजीव झाले, बाईंचा चेहरा उजळला. बत्तीस जणांत त्या क्षणी काय गेलं ते फक्त मला माहीत होतं, आणि ते मीच घालवलं होतं. उत्तरार्धात रेडिओवरची गाणी होती. तिच्या तरुणपणी इस्त्री करताना ती त्यांवर नाचायची म्हणे, आणि आज काठी धरून एका पायावर डुलत होती. मी मनापासून गायले. 

नंतर कॉफीच्या टेबलापाशी तिनं मला कोपरानं जवळ ओढलं. मोरपिशी स्वेटरवर कार्यक्रमाचं फूल लावलेलं होतं. "खरं सांग," ती खालच्या आवाजात म्हणाली. "तिसऱ्या कडव्यातलं ते. मी इतकी वर्षं चुकत होते का?"

तिच्या चेहऱ्यावर भीती होती. मला ती ओळखीची होती. फेब्रुवारीत फाइलवर बोट आलं तेव्हा माझ्या चेहऱ्यावर हीच असणार. तीस वर्षं, एक मेलेली मैत्रीण आणि ज्याला कधी कळलं नाही तो नवरा, सगळे माझ्या उत्तराकडे कान लावून उभे होते. मी तिला पहिल्यांदाच नावानं हाक मारली आणि म्हटलं, "छे. बाईंनी यंदा बदललं ते. तू नव्हतीस तेव्हा."

तिनं सुस्कारा सोडला. "तरीच. आधीचं चांगलं होतं," ती म्हणाली.

"खूप चांगलं होतं," मी म्हटलं, आणि यातलं एवढं तरी खरं होतं.

त्या उन्हाळ्यात ती मुलीकडे ॲरिझोनाला राहायला गेली. पुढच्या हिवाळ्यात तिथेच वारल्याचं कार्ड आलं. संचालक आता नवे आहेत. मला काम करायची परवानगी मिळाली, मी कॉलेजात शिकवते, गाडी चालवते आणि मंगळवारी अजून दुसऱ्या ओळीत उभी राहते. अनोळखी पान समोर आलं तर घरातल्या हिशेबाच्या चिठ्ठीसारखं वाचते. हे सगळं मला हवंच होतं. पस्तावा मला होत नाही, होत नसताना होतो असं कशाला सांगू. फक्त एवढंच, की कागदावर जे लिहिलेलं असतं ते कुणीही परत वाचू शकतं, आणि त्या दोघींचं, शेजारणीचं आणि खाटकाच्या बायकोचं, मात्र कुठेच लिहिलेलं नाही. पोळ्या लाटताना कधी कधी ते कोळीगीत तोंडात येतं. नवरा शेजारच्या खोलीत असतो, ऐकायला दुसरं कुणी नसतं. तिसऱ्या कडव्यात मी उतरताना कोमल निषाद लावते, तिच्याइतकाच हळू, आणि मग पुढची पोळी घेते.